निघावे लागले त्यांची पुस्तके

समुद्रप्रवासाची, दूरच्या भटकंतीची आणि धाडसी आयुष्यांची जी जुनी मराठी पुस्तके आजही टिकून आहेत, त्यांचे लेखक बहुधा हौसेने घराबाहेर पडलेले नव्हते. कोणी घरावरचे कर्ज फेडण्यासाठी निघाला, कोणी वैद्यकी शिकायला निघाली, कोणाला बेड्या घालून बोटीवर चढवले. प्रवास हा त्यांच्या वाट्याला आलेला प्रसंग होता. मराठी प्रवासवर्णनाचा मूळ स्वभाव यातून घडला आणि त्याची ताकदही यातूनच आली.

मराठी मुलखाला सातशे किलोमीटरांहून लांब किनारा आहे. कोळी, खारवी, भंडारी, गाबीत, दालदी या समाजांनी पिढ्यान्‌पिढ्या समुद्रावर पोट भरले. कान्होजी आंग्रे १७२९ मध्ये वारले, तोवर त्यांच्या आरमाराने पोर्तुगीज आणि इंग्रज दोघांनाही जेरीस आणले होते. गलबतावरच्या तांडेलाला वारा, भरती-ओहोटी आणि तारे तोंडपाठ असत. पण या माणसांनी पुस्तके लिहिली नाहीत. लेखणी होती भिक्षुक, कारकून आणि शास्त्री यांच्या घरांत, आणि नेमके त्याच घरांना समुद्र ओलांडणे निषिद्ध होते. ज्यांना समुद्र माहीत होता ते लिहीत नव्हते आणि जे लिहीत होते त्यांना समुद्र माहीत नव्हता. म्हणून मराठी पुस्तकांत समुद्र फार उशिरा येतो, आणि येतो तोही उतारूच्या नजरेतून. खुद्द कान्होजींचे आधुनिक चरित्र मनोहर माळगावकरांनी इंग्रजीत लिहिले. मराठी वाचकाला ते पु. ल. देशपांडे यांच्या अनुवादातून मिळाले.

देशावरच्या वाचकाला तर समुद्र आणखी लांबचा. सोलापूर जिल्ह्याच्या माढा तालुक्यातल्या मोडनिंबपासून हा समुद्र सरळ रेषेतही दोनशे किलोमीटरांहून दूर आहे. पुणे–सोलापूर महामार्गावरचे हे गाव कुर्डुवाडी–पंढरपूर लोहमार्गावरही येते. अडीच फुटी रुळांची बार्शी लाइट रेल्वे १९०६ मध्ये पंढरपूरला पोचली आणि पुढे १९२७ मध्ये मिरजेपर्यंत गेली. ती आली मुख्यतः वारीच्या गर्दीच्या आधारावर. या मुलखात प्रवास म्हणजे आधी वारी. मराठीतले प्रवासाचे पहिले लेखनही पायी चालणाऱ्यांचेच आहे. महानुभावांच्या ‘स्थानपोथी’त चक्रधरस्वामी जिथे जिथे थांबले त्या गावांची, देवळांची, ओट्यांची नोंद आहे. देऊळ कोणत्या दिशेला, दार कोणीकडे, स्वामी नेमके कुठे बसले, इतक्या बारकाईने ती केलेली आहे. नामदेवांच्या नावावरची ‘तीर्थावळी’ ज्ञानेश्वरांबरोबर केलेल्या तीर्थयात्रेची कथा सांगते. नामदेव पंढरपुराहून निघून पंजाबात घुमानपर्यंत पोचले. गुरू ग्रंथसाहिबात त्यांची ६१ पदे आहेत. मोडनिंबच्या परिसरातल्या वाचकाला प्रवासाची पुस्तके परकी वाटण्याचे कारण नाही. त्यांची सुरुवात त्याच्या शेजारीच झालेली आहे.

तीर्थयात्रेच्या या वाटेवरूनच मराठीतले सर्वांत थरारक प्रवासाचे पुस्तक, ‘माझा प्रवास’, आले. पेणजवळच्या वरसई गावचे विष्णुभट गोडसे हे गरीब भिक्षुक. घरावर कर्ज होते. ग्वाल्हेरच्या बायजाबाई शिंदे मथुरेला मोठा यज्ञ करणार आहेत, तिथे दक्षिणा भरपूर मिळेल, अशी बातमी आली आणि १८५७ च्या आरंभी विष्णुभट आपल्या काकांबरोबर उत्तरेकडे निघाले. यज्ञ राहिला बाजूला. महूच्या आसपास त्यांना शिपाई भेटले आणि आता मोठा उठाव होणार आहे हे त्यांच्याकडून कळले. शहाणा माणूस तिथूनच मागे फिरला असता. काका-पुतणे पुढे गेले. मोकळ्या हाताने घरी परतणे त्यांना अधिक अवघड वाटले असावे.

त्यानंतरची दोन-अडीच वर्षे ही दोन माणसे एका युद्धाच्या आतून चालत राहिली. विष्णुभट झाशीत असताना सर ह्यू रोजच्या फौजेने १८५८ च्या मार्च महिन्यात शहराला वेढा घातला. तोफांचे गोळे, पेटलेली घरे, शहर पडल्यावरची कत्तल आणि लूट, राजवाड्यातल्या ग्रंथांचा नाश, हे सारे त्यांनी लपून बसलेल्या माणसाच्या नजरेने सांगितले आहे. त्यांना राणी लक्ष्मीबाई दिसते ती तिच्या दिनक्रमासह, तिच्या पोशाखासह. पुढे काल्पीच्या वाटेवर पराभवानंतरची, तहानेने व्याकूळ झालेली राणी त्यांना पुन्हा भेटते. इतिहासाच्या पुस्तकांत क्वचितच सापडेल इतकी ती भेट साधी आणि खरी आहे. वाटेत त्यांना अनेकदा लुटले गेले. साठवलेली दक्षिणा गेली. शेवटी काशीची गंगा कावडीत भरून ते घरी परतले आणि आईवडिलांना त्या पाण्याने स्नान घातले. पैसा मिळवायला गेलेला मुलगा गंगा घेऊन आला.

‘माझा प्रवास’चे मोल युद्धाच्या वर्णनापुरते नाही. विष्णुभट सेनापती नाहीत, बातमीदार नाहीत, कोणत्याही बाजूचे प्रचारक नाहीत. ते भिक्षुक आहेत, त्यामुळे त्यांचे लक्ष भिक्षुकाचे आहे: कोणत्या गावी जेवण कसे मिळाले, कोणी किती दक्षिणा दिली, रात्री कुठे निजायला जागा मिळाली. १८५७ वर इंग्रजांच्या बाजूने लिहिलेल्या आठवणींचा डोंगर आहे. एका सामान्य मराठी प्रवाशाने त्या धामधुमीच्या आतून सांगितलेली इतकी सविस्तर हकिकत मात्र ही एकच. चिंतामणराव वैद्य यांच्या आग्रहावरून गोडश्यांनी ती १८८३ मध्ये लिहून काढली आणि लेखकाच्या मृत्यूनंतर, १९०७ मध्ये, वैद्यांनी ती प्रसिद्ध केली. छापताना त्यांनी भाषा सुधारली, काही मजकूर गाळला, काही बदलला. मूळ हस्तलिखितावरून दत्तो वामन पोतदारांनी सिद्ध केलेली आवृत्ती १९६६ मध्ये आली, तेव्हा कुठे वरसईच्या भटजींचा स्वतःचा आवाज वाचकांना ऐकू आला.

विष्णुभटांना निदान जमिनीवरून चालायचे होते. समुद्राची गोष्ट वेगळी होती. समुद्रयान हे कलिवर्ज्य, म्हणजे कलियुगात करू नये अशा गोष्टींपैकी एक मानले जाई. बोटीवर सोवळे-ओवळे पाळणे, कोणाच्या हातचे पाणी आहे ते पाहणे, वेळेवर संध्या करणे अशक्य. म्हणून परतलेल्याला प्रायश्चित्त, नाहीतर वाळीत टाकणे. तरीही राजकारणापायी माणसे गेलीच. रघुनाथराव पेशव्याचा वकील हणमंतराव १७८१ मध्ये लंडनला पोचला होता. तिथे एडमंड बर्क यांनी त्याची सोय केली. परत आल्यावर मात्र त्याला प्रायश्चित्त घ्यावे लागले. साताऱ्याचे पदच्युत छत्रपती प्रतापसिंह यांची बाजू मांडण्यासाठी रंगो बापूजी गुप्ते लंडनला गेले आणि १८५३ पर्यंत, तेरा-चौदा वर्षे, कंपनीच्या दारात न्याय मागत राहिले. पैसा संपला, धनी मरण पावला, तरी हा माणूस हटला नाही. या चिवट आयुष्याचे पुस्तक पुढे प्रबोधनकार ठाकरे यांनी लिहिले. ‘प्रतापसिंह छत्रपती आणि रंगो बापूजी’ हे त्याचे नाव, साल १९४८.

१८६९ मध्ये सुएझचा कालवा खुला झाला आणि चित्र पालटले. आफ्रिकेला वळसा घालून जाणारा महिनोन्‌महिन्यांचा प्रवास काही आठवड्यांवर आला. आगबोटींना वेळापत्रक आले. आता विलायतेला जाणे वकिलाच्या, विद्यार्थ्याच्या आवाक्यात आले, आणि त्याच वेळी समाजाचा विरोधही धारदार झाला. या काळातल्या मराठी समुद्रप्रवासाची सर्वांत महत्त्वाची कागदपत्रे दोन स्त्रियांची आहेत, हे लक्षात ठेवण्यासारखे आहे.

आनंदीबाई जोशी ७ एप्रिल १८८३ रोजी कलकत्त्याहून ‘सिटी ऑफ कलकत्ता’ या बोटीने निघाल्या. वय नुकते अठरा पूर्ण झालेले. नवरा बरोबर नाही, ओळखीचे कोणी नाही, सोबत मिशनरी स्त्रियांची. निघण्यापूर्वी श्रीरामपूरच्या कॉलेजात त्यांनी भर सभेत इंग्रजीत भाषण करून आपण अमेरिकेला का जातो हे सांगितले होते. देशात स्त्री डॉक्टरांची गरज आहे, हे त्यांचे उत्तर. बोटीवर शाकाहार पाळायचा तर जेवणाचे हाल. तरी त्यांनी तो पाळला. जवळजवळ दोन महिन्यांनी, ४ जूनला, त्या न्यूयॉर्कला उतरल्या. फिलाडेल्फियाच्या स्त्रियांच्या वैद्यकीय महाविद्यालयातून ११ मार्च १८८६ रोजी त्यांना एम. डी. पदवी मिळाली आणि २६ फेब्रुवारी १८८७ रोजी पुण्यात क्षयाने त्यांचा अंत झाला. त्यांना बावीस वर्षेही पुरी झाली नव्हती. स्वतःचे पुस्तक लिहायला आयुष्य उरलेच नाही. त्यांची पत्रे मात्र राहिली, आणि काशीबाई कानिटकरांनी लिहिलेल्या चरित्रात ती वाचायला मिळतात. एका मराठी स्त्रीने दुसऱ्या मराठी स्त्रीचे लिहिलेले हे चरित्र मराठीतल्या आरंभीच्या उत्तम चरित्रांपैकी आहे. श्री. ज. जोशी यांची ‘आनंदी गोपाळ’ ही कादंबरी जास्त खपली, जास्त गाजली. पण आनंदीबाईंचा आवाज ऐकायचा तर काशीबाईंकडेच जावे लागते.

पंडिता रमाबाई त्याच वर्षी, १८८३ मध्ये, लहानग्या मनोरमेला घेऊन मुंबईहून इंग्लंडला गेल्या. प्रवास त्यांना नवा नव्हता. आईवडिलांबरोबर, आणि दुष्काळात ते दोघे गेल्यावर भावाबरोबर, त्यांनी हिंदुस्थान पायी तुडवला होता. त्यांचे ‘इंग्लंडचा प्रवास’ हे छोटे पुस्तक १८८३ मध्येच निघाले. मराठी स्त्रीने लिहिलेल्या परदेशप्रवासाच्या पहिल्या पुस्तकांत त्याची गणना होते. खरे थोर पुस्तक त्यानंतरचे. आनंदीबाईंच्या पदवीदानाला हजर राहण्यासाठी त्या १८८६ मध्ये अटलांटिक ओलांडून अमेरिकेला गेल्या, तिथे जवळजवळ तीन वर्षे राहिल्या, गावोगाव व्याख्याने दिली, आणि १८८९ मध्ये ‘युनायटेड स्टेट्सची लोकस्थिती आणि प्रवासवृत्त’ लिहिले.

या पुस्तकाला आजच्या अर्थाने प्रवासवर्णन म्हणणे कमीपणाचे होईल. राज्यव्यवस्था कशी चालते, घरे कशी असतात, शाळा कशा आहेत, धर्मसंस्था काय करतात, आणि सगळ्यांत सविस्तर म्हणजे तिथल्या स्त्रियांनी शिक्षण आणि हक्क कसे मिळवले, हे रमाबाई मुद्देसूद मांडतात. एका स्त्रीने दुसऱ्या देशाची केलेली ती तपासणी आहे. गोऱ्या देशाच्या संपत्तीपुढे दिपून न जाता त्या काळ्या लोकांवरच्या अन्यायावरही बोट ठेवतात. पुस्तक लिहिले त्याच वर्षी त्यांनी मुंबईत शारदा सदन सुरू केले. जे पाहिले त्यातले काय घ्यायचे आणि त्याचे इथे काय करायचे, हे त्या लिहितानाच ठरवत होत्या. एकोणिसाव्या शतकातल्या मराठी गद्याच्या चर्चेत हे पुस्तक फार वर्षे मागे पडले. लेखिकेने धर्म बदलला होता, हे त्यामागचे मोठे कारण. मीरा कोसंबी यांच्या अभ्यासामुळे आणि इंग्रजी भाषांतरामुळे ते पुन्हा वाचकांसमोर आले.

पुढच्या पिढीतला समुद्र बंदिवानाचा आहे. ८ जुलै १९१० रोजी मार्सेलिस बंदरात ‘मोरिया’ बोटीच्या न्हाणीघराच्या गवाक्षातून विनायक दामोदर सावरकरांनी उडी घेतली. फ्रेंच किनाऱ्यावर त्यांना पकडून परत बोटीवर नेले गेले, आणि ते प्रकरण हेगच्या आंतरराष्ट्रीय लवादापर्यंत गेले. ही उडी शाळेतल्या मुलांनाही माहीत असते. ‘माझी जन्मठेप’ (१९२७) या पुस्तकातला दुसरा समुद्रप्रवास मात्र तेवढा माहीत नसतो. १९११ मध्ये ‘महाराजा’ या बोटीने त्यांना अंदमानला नेले. जन्मठेपेच्या कैद्यांची ती टोळी बोटीच्या तळातल्या पिंजऱ्यात कोंबलेली होती. शेजारीच शौचासाठी ठेवलेले पिंप, त्याची दुर्गंधी, कोपऱ्यात पडलेली आजारी माणसे: मराठीतले समुद्राचे इतके कठोर वर्णन दुसरे नाही. लाटा नाहीत, क्षितिज नाही, फक्त लाकडी तळ आणि माणसांचे अंग. काळे पाणी म्हणजे काय ते या काही पानांत कळते. सावरकरांच्या राजकारणाविषयी वाचकाचे मत काहीही असो, तुरुंगाच्या साहित्यात या पानांची जागा पक्की आहे.

सोलापूर जिल्ह्याने घडवलेले सर्वांत मोठे समुद्रापलीकडचे आयुष्य डॉ. द्वारकानाथ कोटणीस यांचे. १० ऑक्टोबर १९१० रोजी सोलापुरात त्यांचा जन्म झाला. मुंबईच्या सेठ गोवर्धनदास सुंदरदास महाविद्यालयातून ते डॉक्टर झाले. जपानने चीनवर आक्रमण केल्यावर चिनी सेनापती झू दे यांनी मदत मागितली आणि काँग्रेसने पाच डॉक्टरांचे पथक पाठवायचे ठरवले. प्रमुख होते डॉ. अटल; बरोबर नागपूरचे डॉ. चोळकर, कलकत्त्याचे डॉ. बसू आणि डॉ. मुखर्जी, आणि सोलापूरचे सत्तावीस वर्षांचे कोटणीस. सप्टेंबर १९३८ मध्ये ‘राजपुताना’ बोटीने ते मुंबईहून निघाले. बोट दक्षिण चीनला पोचली, आणि तिथून बॉम्बवर्षावातून वाट काढत पथक पुढच्या फेब्रुवारीत येनानला गेले.

बाकीचे डॉक्टर यथावकाश परतले. कोटणीस राहिले. उत्तर चीनच्या डोंगराळ भागात, जपानी सैन्याच्या वेढ्याच्या आतबाहेर, गनिमी फौजेच्या मागोमाग फिरणारी इस्पितळे त्यांनी चालवली. कॅनडाचे सर्जन नॉर्मन बेथून नोव्हेंबर १९३९ मध्ये शस्त्रक्रिया करताना झालेल्या जंतुसंसर्गाने वारले होते. त्यांच्या नावाच्या आंतरराष्ट्रीय शांतता रुग्णालयाचे संचालकपद जानेवारी १९४१ मध्ये कोटणीसांकडे आले. ते चिनी बोलायला, वाचायला शिकले, त्याच भाषेत विद्यार्थ्यांना शस्त्रक्रिया शिकवू लागले, त्यांच्यासाठी पाठ्यपुस्तक लिहायला बसले. परिचारिका गुओ छिंगलान यांच्याशी त्यांचे लग्न झाले, मुलगा झाला. सततची जागरणे, अपुरे अन्न आणि फेफऱ्याचे झटके यांनी शरीर खचले आणि ९ डिसेंबर १९४२ रोजी, बत्तिसाव्या वर्षी, त्यांचा मृत्यू झाला. शिजियाझुआंगच्या हुतात्मा दफनभूमीत त्यांचे स्मारक आहे. सोलापुरातल्या त्यांच्या घराचेही आता स्मारक झाले आहे.

कोटणीसांनी आपल्या प्रवासाचे पुस्तक लिहिले नाही. त्यांच्यावरचे पहिले गाजलेले पुस्तक ख्वाजा अहमद अब्बास यांनी १९४४ मध्ये इंग्रजीत लिहिले, आणि व्ही. शांताराम यांनी १९४६ मध्ये त्यावरून ‘डॉ. कोटणीस की अमर कहानी’ हा हिंदी चित्रपट काढला. सोलापूरच्या माणसाची कथा महाराष्ट्राने बहुतांशी पडद्यावर पाहिली. चित्रपटाने नाव घरोघर नेले, पण येनानच्या गुहांत इस्पितळ कसे चालत होते, औषधे कुठून येत होती, भूल कशी दिली जात होती, हे समजायला पुस्तकच हवे. वैद्यकीच्या, युद्धाच्या आणि दोन देशांच्या संबंधांच्या अशा संगमावरचे आयुष्य मराठीत अजून मोठ्या, कसून लिहिलेल्या चरित्राला पात्र आहे.

असेच एक आयुष्य वर्ध्याला जन्मलेल्या पांडुरंग सदाशिव खानखोजे यांचे. क्रांतिकारक म्हणून देशाबाहेर पडलेला हा माणूस अमेरिकेत शेती शिकला, गदर चळवळीत उतरला, इराणात लढला आणि अखेर मेक्सिकोत मका आणि गहू यांच्या वाणांवर काम करणारा शास्त्रज्ञ झाला. दिएगो रिव्हेरा यांच्या भित्तिचित्रात त्यांची मुद्रा आहे. वीणा गवाणकर यांनी त्यांचे चरित्र मराठीत आणले. गवाणकरांच्याच ‘एक होता कार्व्हर’ (१९८१) या पुस्तकाने अमेरिकेतल्या गुलामाच्या पोटी जन्मलेल्या कृषिशास्त्रज्ञाला मराठी शाळांत नेले. कोरडवाहू शेतीच्या माढा-मोहोळ-करमाळा पट्ट्यात, जिथे जमिनीचा कस हा रोजचा प्रश्न आहे, तिथे कार्व्हरची भुईमुगाची आणि जमीन सुधारण्याची गोष्ट वाचकाला थेट आपली वाटते.

समुद्राची जी हौस मराठी लेखकांनी फारशी भागवली नाही, ती अनुवादकांनी भागवली. भा. रा. भागवतांनी ज्यूल व्हर्न मराठी मुलांच्या हाती दिला. ‘समुद्रसैतान’ वाचून पाणबुडीत बसलेली मुले देशावरच्या गावांत कितीतरी होती. भागवतांच्या स्वतःच्या कथांतला फास्टर फेणे हा फुरसुंगीचा पोरगा सायकलवरून भटकत राहिला. व्हर्नचे हे अनुवाद आणि रूपांतरे अगदी घरगुती मराठीत आहेत, आणि तिथेच भागवतांचे मोठेपण आहे. पु. ल. देशपांडे यांनी १९६५ मध्ये हेमिंग्वेची म्हाताऱ्या कोळ्याची कथा ‘एका कोळियाने’ या नावाने मराठीत आणली. एकट्या माणसाने खोल समुद्रात माशाशी दिलेली झुंज आणि कोळ्याच्या हातातल्या दोरीचा ताण मराठी गद्यात असा उतरणे, हेच मुळात एक धाडस होते. नंतर रवींद्र गुर्जर यांनी आँरी शारिएरचे ‘पॅपिलॉन’ आणि अँडीज पर्वतात कोसळलेल्या विमानातल्या माणसांची कथा, ‘सत्तर दिवस’, मराठीत आणली. १९७२ च्या त्या अपघातातून सोळा जण जिवंत परतले होते. ही पुस्तके तालुक्याच्या वाचनालयांत वाचून वाचून जीर्ण होत आली आहेत. धाडसकथा वाचणारा वाचक आणि ‘साहित्य’ वाचणारा वाचक असा जो भेद समीक्षक करतात, तो या कपाटांपुढे टिकत नाही.

हौसेच्या प्रवासाची परंपरा मराठीत स्वातंत्र्याच्या आसपास फोफावली. अनंत काणेकरांचे ‘धुक्यातून लाल ताऱ्याकडे’ १९४० चे. गंगाधर गाडगीळांचे ‘साता समुद्रापलीकडे’ आणि पुलंची ‘अपूर्वाई’ यांनी परदेश मध्यमवर्गाच्या दिवाणखान्यात आणला. व्यंकटेश माडगूळकर ‘पांढरी मेंढरे हिरवी कुरणे’ मध्ये ऑस्ट्रेलियाला गेले ते माणदेशाची नजर घेऊन. मेंढरे, गवत, पाऊस यांच्यावर त्यांचे लक्ष, आणि तेच त्या पुस्तकाचे बळ. मीना प्रभूंनी लंडन, मेक्सिको, चीन, तुर्कस्तान असे एकेक ठिकाण एकेका जाड ग्रंथात मांडले. या बहरात एक गोष्ट गळून गेली. विमाने आली आणि वाट नाहीशी झाली. रमाबाईंना वा सावरकरांना पोचायला जे दिवस लागले, ते दिवस हाच पुस्तकाचा एक भाग होता. नंतरच्या पुस्तकांत माणूस विमानतळावर दिसतो आणि पुढच्या परिच्छेदात हॉटेलात.

वाट जपली ती चालणाऱ्यांनी. गो. नी. दांडेकर कोवळ्या वयात शाळा आणि घर सोडून स्वातंत्र्यचळवळीत गेले, गाडगेबाबांच्या सहवासात राहिले, नर्मदेची परिक्रमा केली. ‘कुणा एकाची भ्रमणगाथा’ आणि साहित्य अकादमी पुरस्कार मिळालेली ‘स्मरणगाथा’ ही या भटकंतीची पुस्तके. भिक्षा मागून खाणाऱ्या, रात्री कुठल्याही ओसरीवर पडणाऱ्या माणसाला गोडसे भटजींचा वारस म्हणायला हरकत नाही. अलीकडे जगन्नाथ कुंटे यांच्या ‘नर्मदे हर हर’ने कितीतरी वाचकांना प्रत्यक्ष परिक्रमेला लावले.

जंगलाच्या वाटा सोलापूरकरांनी मराठीला दिल्या, असे म्हटले तर चूक नाही. मारुती चितमपल्ली सोलापुरात १९३२ मध्ये जन्मले आणि वनखात्याच्या नोकरीत कर्नाळा, नवेगाव, नागझिरा, मेळघाट अशा रानांत त्यांनी आयुष्याचा मोठा भाग काढला. आदिवासींकडून पक्ष्यांची, झाडांची नावे गोळा केली, संस्कृत शिकून जुने ग्रंथ तपासले, आणि ‘पक्षी जाय दिगंतरा’पासून ‘चकवाचांदण’ या आत्मकथनापर्यंत एक अख्खे ग्रंथालय उभे केले. २००६ मध्ये सोलापुरातच भरलेल्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष होते. १८ जून २०२५ रोजी ते सोलापुरातच वारले. ‘चकवाचांदण’मध्ये वाघ, पूर, ताप, बदल्या सगळे आहे, पण लेखकाने धाडस म्हणून काहीच सांगितलेले नाही, नोकरी म्हणून सांगितले आहे.

आणि समुद्र? तो अखेर दर्यावर्द्यांच्याच हातून परत आला. शिडाच्या होडीतून भारतीयाने एकट्याने पृथ्वीप्रदक्षिणा करावी, ही कल्पना निवृत्त व्हाइस अ‍ॅडमिरल मनोहर आवटी यांनी लावून धरली. ते राहत फलटणजवळ विंचुर्णी या गावी, म्हणजे पालखीच्या वाटेवरच्या कोरड्या मुलखात. त्यासाठी लागणारी ५६ फुटी ‘म्हादेई’ गोव्यात मांडवीतल्या दिवाडी बेटावर रत्नाकर दांडेकर यांच्या कारखान्यात बांधली गेली. नौदलातले कमांडर दिलीप दोंदे १९ ऑगस्ट २००९ रोजी मुंबईहून निघाले, फ्रीमँटल, लिटलटन, पोर्ट स्टॅन्ली आणि केपटाऊन या चार बंदरांत थांबून केप हॉर्नला वळसा घालून मे २०१० मध्ये परतले. अशी प्रदक्षिणा करणारे ते पहिले भारतीय. पुढे अभिलाष टोमी यांनी याच होडीतून न थांबता प्रदक्षिणा केली, आणि २०१७-१८ मध्ये नौदलाच्या सहा स्त्री अधिकारी ‘तारिणी’तून जगाभोवती फिरून आल्या. दोंद्यांनी आपल्या सफरीवर पुस्तक लिहिले, पण इंग्रजीत. शीड, डोलकाठी, सुकाणू, वारा, नांगर यांचे शब्द किनाऱ्यावरच्या मराठीत मुबलक आहेत. ते वापरून एखाद्या मराठी दर्यावर्द्याने स्वतः लिहिलेले महासागरी सफरीचे मोठे पुस्तक या कपाटात येणे बाकी आहे.

ही पुस्तके मिळवणे फार अवघड नाही. राज्यातली गावोगावची वाचनालये १९६७ च्या सार्वजनिक ग्रंथालय कायद्याखाली अ, ब, क, ड अशा वर्गांत मोडतात आणि त्यांना सरकारी अनुदान मिळते. वाचकांनी नाव लिहून दिले तर खरेदीच्या यादीत ते घालता येते. भारतात लेखकाच्या मृत्यूनंतर साठ वर्षांनी पुस्तक स्वामित्वहक्कातून मोकळे होते, त्यामुळे रमाबाईंचे मूळ लेखन कोणालाही छापता येते. नव्याने सुरुवात करणाऱ्याने आधी ‘माझा प्रवास’ घ्यावे, मग रमाबाईंचे अमेरिकेचे पुस्तक, मग ‘स्मरणगाथा’. बाजारात ‘माझा प्रवास’च्या अनेक आवृत्त्या आहेत; विकत घेताना आत वैद्यांनी सुधारलेला मजकूर आहे की पोतदारांनी मूळ हस्तलिखितावरून छापलेला, तेवढे प्रस्तावनेत पाहून घ्यावे, आणि पोतदारांचा मिळाला तर तोच घ्यावा.